बिघडलेल्या काळाचे सरकारी खाते

विज्ञानकथांमध्ये आणि परदेशी मालिकांमध्ये अलीकडे एक अजब सरकारी खाते भेटते. काळाची घडी विस्कटली, उद्याचा दिवस आजमध्ये घुसला, घड्याळे उलटी फिरू लागली, की या खात्याचे अधिकारी धावत येतात. पूर आला की जसे आपत्ती व्यवस्थापनाचे पथक येते, तसे. मुले या कथा मोबाइलवर पाहतात आणि वर्गात प्रश्न निघतो: असे खाते खरेच असते का?

या नावाचे खाते कुठेच नाही. पण काळाच्या आपत्ती खऱ्या असतात आणि त्यांच्याशी सरकारांना पुन्हापुन्हा झुंजावे लागलेले आहे. खलिफांना लागले, बादशहांना लागले, इंग्रजांना लागले, आपल्या मंत्रालयालाही लागते. या आपत्तीत इमारत कोसळत नाही. दोन माणसांचे, दोन समाजांचे किंवा राजा आणि रयतेचे काळाचे हिशेब एकमेकांशी जुळेनासे होतात. मग पीक हिरवे असताना शेतसाऱ्याचा तगादा येतो, अंधारात गिरणीचा भोंगा होतो किंवा एकाच रस्त्यावर एकाच दिवशी दोन मिरवणुका येऊन उभ्या राहतात. अशा वेळी कोणी काय केले, याचा हा धावता इतिहास. त्यातला बराच भाग आपला, म्हणजे मुसलमानांचा आणि मराठी माणसांचा, सामायिक आहे.

कोणता शाबान?

हजरत उमर यांच्या खिलाफतीच्या काळात राज्य अरबस्तानाबाहेर पसरले होते. सुभेदारांकडे हुकूम जात, वसुलीचे कागद येत, देण्याघेण्याचे करार होत. अरबांना महिने ठाऊक होते, पण वर्षांना सलग क्रमांक नव्हता. एखादे वर्ष ‘हत्तीचे वर्ष’ म्हणून लक्षात राहायचे. रिवायतीत येते की उमर यांच्यासमोर एक कागद आला. त्यावर पैसे देण्याची मुदत शाबान महिन्यात लिहिली होती. त्यांनी विचारले, कोणता शाबान? गेला, चालू की येणारा? बसऱ्याचे सुभेदार अबू मूसा अशअरी यांनीही कळवले होते की आपली पत्रे येतात, पण त्यांवर तारीख नसते.

प्रश्न छोटा दिसतो. पण ज्याचे पैसे अडकले आहेत त्याला विचारा. मुदतच ठरत नसेल तर कर्ज बुडवणाऱ्याचे फावते आणि गरिबाचा हक्क जातो. उमर यांनी सहाबांना मशवऱ्यासाठी बोलावले. कुणी इराणी पद्धत सुचवली, कुणी रोमन. प्रेषितांच्या जन्मापासून मोजावे, असेही मत आले. अखेर हजरत अली यांच्या मताप्रमाणे हिजरतीपासून वर्षे मोजायचे ठरले आणि मोहरम हा पहिला महिना राहिला. हे हिजरी सन १७ च्या सुमारास, म्हणजे इसवी सन ६३८ च्या आसपास घडले.

आपण हिजरी सनाकडे केवळ धार्मिक गोष्ट म्हणून पाहतो. तो सुरू झाला तो दफ्तरातल्या गोंधळावर उपाय म्हणून, आणि तोही सल्लामसलत करून.

पीक हिरवे, तगादा पिकलेला

चंद्रवर्ष ३५४ दिवसांचे. सौरवर्ष सुमारे ३६५ दिवसांचे. दरवर्षी जवळपास अकरा दिवसांचा फरक पडतो. म्हणून रमजान कधी उन्हाळ्यात येतो, कधी हिवाळ्यात. इबादतीसाठी यात न्याय आहे: कुठल्याही देशाच्या वाट्याला कायमचे मोठे रोजे येत नाहीत. धान मात्र चंद्र पाहून पिकत नाही. आपल्या भंडारा जिल्ह्यात मृगाच्या पावसाबरोबर पऱ्हे टाकण्याची लगबग होते, हलका धान दिवाळीच्या आसपास निघतो आणि भारी धान त्यानंतर. शेतसारा चंद्रमहिन्याने मागितला, तर तीसएक वर्षांत मागणीचा महिना वर्षभराची चक्कर मारून येईल. शेतकऱ्याने तीस पिके काढलेली असतील आणि सरकारने एकतीस सारे मागितलेले असतील.

बगदादच्या अब्बासी खलिफांसमोर थोडा वेगळा, पण याच जातीचा पेच आला. त्यांचा सारा इराणी नवरोजपासून घेतला जाई. इराणी वर्षात लीप दिवसाची भरपाई थांबल्याने नवरोज हळूहळू मागे सरकला होता. शेतात पीक हिरवे आणि दारात वसुली कारकून, अशी अवस्था झाली. खलिफा मुअतजिद यांनी इसवी सन ८९५ मध्ये साऱ्याचा नवरोज सुमारे दोन महिने पुढे, जूनमध्ये नेला. अल-बिरूनीने आपल्या ग्रंथात ही हकिकत नोंदवून ठेवली आहे.

अकबरानेही तेच ओळखले. १५८४ मध्ये त्याने सौर पद्धतीचा इलाही सन सुरू केला. एकतीस चंद्रवर्षे म्हणजे तीस सौरवर्षे, त्यामुळे चंद्रवर्षाने वसुली करणे हा रयतेवर जुलूम आहे, असा विचार अबुल फजल त्यामागे सांगतो. फसली सनही याच गरजेतून आला. फसल म्हणजे पीक, फसली म्हणजे पिकाचे वर्ष.

दख्खनमध्ये तर यापेक्षा जुनी सोय होती: शुहूर सन. १३४४ मध्ये, मुहंमद तुघलकाच्या काळात तो सुरू झाला असे मानले जाते. सूर्य मृग नक्षत्रात गेला की हे वर्ष बदले, म्हणून त्याला मृग साल असेही म्हणत. आकडा हिजरीतून घेतलेला, चाल सूर्याची आणि सुरुवात शेतकऱ्याच्या मृगाला. हा सन आदिलशाही-निजामशाहीपुरता राहिला नाही. शिवकाळातल्या आणि पेशवाईतल्या मोडी कागदांतही तो सर्रास दिसतो. तिथे वर्ष अरबी शब्दांत लिहिलेले असते. पानिपतचे वर्ष मराठी दफ्तरात ‘इहिदे सितैन मया व अलफ’ असे येते. इहिदे म्हणजे एक, सितैन म्हणजे साठ, मया म्हणजे शंभर, अलफ म्हणजे हजार. बेरीज ११६१. त्यात ५९९ किंवा ६०० मिळवले की इसवी सन मिळतो. त्याच कागदांवर दिवसाची नोंद ‘छ’ या चंद्रतारखेच्या चिन्हाने आणि महिन्याची नोंद रबिलावल, जमादिलाखर, साबान, जिल्हेज अशा मराठी वळणाच्या हिजरी नावांनी होते.

शिवाजी महाराजांनी १६७४ मध्ये राज्याभिषेक शक सुरू केला. स्वतंत्र राज्याला स्वतःचा काळ हवा, हा त्यामागचा अर्थ. तरीही दफ्तरातली शुहूर सनाची चाल थांबली नाही, कारण कारकुनाला, पाटलाला आणि शेतकऱ्याला ती सोयीची होती. आजही मराठी माणूस तारीख, साल, मुदत, हप्ता, हंगाम या शब्दांवाचून काळाबद्दल बोलू शकत नाही. हे शब्द अरबी-फारसीतून आले आणि मराठीत घरचे झाले. मुसलमानांची तारीख वेगळी आणि मराठी तारीख वेगळी, असे म्हणणाऱ्याने ‘तारीख’ हा शब्द तरी कुठून आला ते पाहावे.

मशिदीतला वेळ-अधिकारी

वर्ष-महिन्यांचा प्रश्न दफ्तरात सुटत होता, तेव्हा तास-मिनिटांचा प्रश्न मशिदीत सोडवला जात होता. पाच नमाजांच्या वेळा सूर्यावर अवलंबून. दर गावाच्या वेगळ्या, दर दिवशी वेगळ्या. तेराव्या शतकापासून इजिप्त-सीरियातल्या मोठ्या मशिदींत यासाठी पगारी माणूस नेमला जाऊ लागला. त्याला मुवक्कित म्हणत, म्हणजे वक्त ठरवणारा. सूर्याची उंची मोजणे, कोष्टके तयार करणे, किब्ल्याची दिशा काढणे हे त्याचे काम.

दमास्कसच्या उमय्या मशिदीत चौदाव्या शतकात इब्न अल-शातिर हा मुख्य मुवक्कित होता. त्याने १३७१-७२ मध्ये मशिदीच्या मिनारावर एक मोठे सूर्यघड्याळ बसवले. ग्रहांच्या गतीची जी रचना त्याने मांडली, त्यातले काही भाग पुढे कोपर्निकसच्या गणिताशी इतके जुळतात की विज्ञानाचे इतिहासकार आजही त्यावर चर्चा करतात. उस्मानी राज्यात मशिदीलगत मुवक्कितखाने बांधले गेले आणि रस्त्यावरचा माणूस तिथे येऊन आपले घड्याळ लावून घेत असे. काळाचे खाते म्हणावे असे काही प्रत्यक्षात होते, तर ते हेच. त्याची सत्ता बंदुकीची नव्हती. त्याचे गणित बरोबर येते, यावर लोकांचा भरवसा होता.

रेल्वे आली, सूर्य मागे पडला

घड्याळ स्वस्त झाले, तरी गावाची वेळ गावाच्या सूर्याचीच होती. रेल्वे आणि तारायंत्र आल्यावर हे चालेना. प्रत्येक स्टेशनची वेळ वेगळी असेल तर एकाच रुळावर दोन गाड्या समोरासमोर येतील. हिंदुस्थानातल्या रेल्वेने मद्रासच्या वेधशाळेची वेळ धरली आणि ती तारेने सगळीकडे जाऊ लागली.

यात भंडाऱ्याची एक गंमत आहे. पृथ्वी एक अंश फिरायला चार मिनिटे लागतात. भंडारा सुमारे ७९.६५ अंश पूर्व रेखांशावर आहे आणि मद्रास सुमारे ८०.२५ वर. फरक जेमतेम अडीच मिनिटांचा. नागपूरहून छत्तीसगडकडे जाणारी रेल्वे एकोणिसाव्या शतकाच्या शेवटच्या दशकांत आपल्या भागातून धावू लागली आणि वरठीला भंडारा रोड स्टेशन झाले. मद्रास वेळेवरची गाडी आणि इथला सूर्य यांत भांडण होण्याचे कारणच नव्हते. गाडीची वेळ ही जवळजवळ आपली वेळ होती.

मुंबईचे तसे नव्हते. मुंबईचा सूर्य मद्रासच्या अर्धा तास मागे. १८८१ मध्ये गव्हर्नर जेम्स फर्ग्युसन यांनी सरकारी कचेऱ्यांवर मद्रास वेळ लादली तेव्हा शहर खवळले. प्रेमचंद रायचंद यांच्या देणगीतून उभ्या राहिलेल्या राजाबाई टॉवरचे घड्याळ विद्यापीठाने मुंबई वेळेवरच ठेवले. सरकारने मग त्या घड्याळाच्या रात्रीच्या दिव्यांचा खर्च द्यायला नकार दिला. अखेर १८८३ मध्ये सरकारला माघार घ्यावी लागली.

दुसरी फेरी १९०६ ची. १ जानेवारी १९०६ पासून ८२.५ अंश रेखांशावर आधारलेली, ग्रिनिचच्या साडेपाच तास पुढची भारतीय प्रमाण वेळ सरकारने लागू केली. मुंबईची घड्याळे ३९ मिनिटे पुढे गेली. गिरणी कामगाराच्या दृष्टीने याचा अर्थ साधा होता. घड्याळात सहा वाजले, पण सूर्याचे पाच वाजून एकवीस मिनिटेच झाली. ऐन हिवाळ्यात अंधारात उठून कामावर जायचे. त्याच महिन्यात मुंबईच्या एका गिरणीतील हजारो कामगारांनी नव्या वेळेविरुद्ध काम बंद केले. बंगालच्या फाळणीला तीन महिनेही झाले नव्हते. सरकार आता आमचा सूर्यही काढून घेते, ही भावना पसरायला वेळ लागला नाही. मुंबई महापालिकेने पुढे कित्येक वर्षे आपली मुंबई वेळ चालू ठेवली, ती स्वातंत्र्यानंतरही काही काळ टिकली. कलकत्त्याची वेगळी वेळही १९४८ पर्यंत होती.

प्रमाण वेळ चूक नव्हती. इतक्या मोठ्या देशाला एक वेळ लागतेच. पण मुअतजिद आणि अकबर यांनी सरकारचे घड्याळ रयतेच्या पिकाजवळ नेले होते. इंग्रजांनी रयतेला उचलून घड्याळाजवळ नेले, तेही न विचारता. दुसऱ्या महायुद्धात १९४२ ते १९४५ या काळात देशाची घड्याळे आणखी एक तास पुढे केली गेली. तेव्हाही कुणाला विचारण्याची पद्धत नव्हतीच.

तीस पंचांगांचा देश

स्वतंत्र भारतासमोर घड्याळाचा प्रश्न संपत आला होता, दिनदर्शिकेचा उभा होता. देशात सुमारे तीस वेगवेगळी पंचांगे चालत. एकाच सणाचे दिवस प्रांताप्रांतात वेगळे येत. १९५२ मध्ये शास्त्रज्ञ मेघनाद साहा यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली गेली. १९५५ मध्ये तिचा अहवाल आला. पारंपरिक सौर पंचांगांचे गणित खऱ्या संपातापासून तेवीस दिवस सरकले आहे, हे समितीने दाखवले. २२ मार्च १९५७, म्हणजे १ चैत्र १८७९, या दिवसापासून भारतीय सौर राष्ट्रीय दिनदर्शिका लागू झाली. आकाशवाणीवर आणि राजपत्रावर ती अजूनही असते. कोलकात्याचे पोझिशनल अ‍ॅस्ट्रॉनॉमी सेंटर राष्ट्रीय पंचांग काढते. त्यात हिंदू सणांबरोबर मुस्लिम सणांच्या अंदाजित तारखाही असतात.

समितीने लोकांच्या धार्मिक पंचांगांवर बंदी मागितली नाही. राष्ट्राच्या कामाला एक दिनदर्शिका आणि सणाला ज्याचे त्याचे पंचांग, अशी ही व्यवस्था. शुहूर सन आणि हिजरी महिना एकाच कागदावर लिहिणाऱ्या मराठी कारकुनाला ती लगेच कळली असती.

कॉम्प्युटरची मुदत

यानंतरची आपत्ती यंत्रांतून आली. जुन्या कॉम्प्युटरांत वर्ष दोनच आकड्यांत लिहिलेले असे. ९९ नंतर ०० आले की यंत्र ते १९०० समजेल, बँका, वीज, विमाने ठप्प होतील, ही भीती होती. अनेक देशांनी त्यासाठी खास कृती दले नेमली, आपल्या केंद्र सरकारनेही नेमले. १ जानेवारी २००० ला फारसे काही झाले नाही. लोक म्हणाले, उगाच घाबरवले. खरी गोष्ट अशी, की जगभरच्या प्रोग्रामरांनी आधीची काही वर्षे बसून लाखो ओळी दुरुस्त केल्या होत्या, आणि त्यांत भारतीय तरुण मोठ्या संख्येने होते. बांध वेळेवर घातला की पूर दिसत नाही, आणि बांधाचे श्रेयही कुणी देत नाही.

आज भारताची वेळ दिल्लीच्या राष्ट्रीय भौतिक प्रयोगशाळेत अणुघड्याळांवर राखली जाते. पृथ्वीचे फिरणे किंचित अनियमित असल्याने १९७२ पासून जगाच्या घड्याळात २७ वेळा एकेक सेकंद वाढवावा लागला. शेवटचा सेकंद आपल्याकडे १ जानेवारी २०१७ च्या पहाटे ५ वाजून २९ मिनिटांनंतर घातला गेला. ३० जून २०१२ च्या अशाच एका सेकंदाने जगात अनेक वेबसाइटी कोलमडल्या होत्या. पुढचा धोकाही ठाऊक आहे: १९ जानेवारी २०३८, भारतीय वेळेनुसार सकाळी ८ वाजून ४४ मिनिटे ७ सेकंद. त्यानंतर जुन्या ३२-बिट प्रणालींतले सेकंद मोजणारे खाते भरून जाईल आणि दुरुस्त न केलेली यंत्रे १९०१ मध्ये जाऊन पोहोचतील. २०२५ च्या जानेवारीत केंद्र सरकारने सर्व व्यवहारांना भारतीय प्रमाण वेळ बंधनकारक करण्याच्या नियमांचा मसुदाही काढला. म्हणजे कथेतले खाते तुकड्यातुकड्यांनी अस्तित्वात आहेच.

तीन वर्षांची गाठ

आता आपल्या दाराशी आलेली आपत्ती पाहू. २०२३ मध्ये ईद-ए-मिलाद आणि अनंत चतुर्दशी एकाच दिवशी आली, २८ सप्टेंबरला. २०२४ मध्ये अनंत चतुर्दशी १७ सप्टेंबरला आणि ईदची सुट्टी १६ ला. २०२५ मध्ये ईद ५ सप्टेंबरला आणि अनंत चतुर्दशी ६ ला. सलग तीन वर्षे. दर वर्षी मोबाइलवर कुजबुज: हे मुद्दाम तर नाही ना? सुट्टी बदलली की आणखी एक टोमणा: तुमचे काही एक ठरतच नाही.

हे मुद्दाम नाही, हे गणित आहे, आणि ते पाचवीच्या मुलालाही समजावता येते. हिंदू महिना आणि हिजरी महिना दोन्ही चंद्राचे. हिंदू तिथी अमावास्येपासून मोजतात, हिजरी तारीख चंद्रकोर दिसल्यावर, म्हणजे एक-दोन दिवसांनी सुरू होते. त्यामुळे शुद्ध चतुर्दशीच्या आसपास हिजरी बारा तारीख असतेच. प्रश्न फक्त महिना कोणता, एवढाच. हिंदू पंचांग ऋतूंशी जुळण्यासाठी साधारण बत्तीस-तेहतीस महिन्यांनी अधिक मास घेते. इस्लामने असा महिना वाढवणे थांबवले, त्याचा उल्लेख कुरआनच्या सूरा तौबामध्ये आहे. म्हणून दर अधिक मासानंतर दोन्ही पंचांगांतली जोडी एक घर पुढे सरकते. २०१८ ते २०२० भाद्रपदाची जोडी मोहरमशी होती, म्हणून ताजिये आणि गणपती तीन वर्षे बरोबर आले. २०२० च्या अधिक आश्विनानंतर २०२१ आणि २०२२ मध्ये भाद्रपद सफरशी जोडला गेला. २०२३ च्या अधिक श्रावणानंतर रबी-उल-अव्वलशी. २०२६ च्या अधिक ज्येष्ठानंतर ही गाठ सुटते.

ही आपत्ती हाताळली कुणी? २०२३ मध्ये मुंबईच्या खिलाफत कमिटीने ईद-ए-मिलादचा जुलूस एक दिवस पुढे नेण्याचे ठरवले. राज्यातल्या इतर अनेक गावांनीही तसेच केले. सरकारने २९ सप्टेंबरची सुट्टी जाहीर केली. २०२४ मध्ये मुंबई शहर आणि उपनगरांसाठी ईदची सुट्टी १६ वरून १८ सप्टेंबरला गेली आणि २०२५ मध्ये तिथेच ५ वरून ८ सप्टेंबरला. शासन, पोलिस, मंडळे आणि मशिदींचे विश्वस्त एका टेबलाभोवती बसले. विसर्जनाची तिथी हलवता येत नाही, जुलूसाचा दिवस हलवता येतो. ज्याला हलता येते तो हलला. यात हार-जीत काही नाही. उमर यांच्या मशवऱ्याला आणि साहा समितीच्या शहाणपणाला शोभेल असेच हे काम होते.

पण एक गोष्ट खटकते. असा निर्णय दरवेळी शेवटच्या दिवसांत होतो. शाळेचे वेळापत्रक, परीक्षा, प्रवास, हातावर पोट असणाऱ्यांची मजुरी, सगळे त्यात अडकते. जी गाठ गणिताने कित्येक वर्षे आधी दिसते, तिची तयारीही आधी का होऊ नये? सुट्ट्यांची यादी छापताना शेजारी ‘चंद्रदर्शनानुसार बदल संभवतो’ एवढी ओळ आणि पर्यायी दिवस दिला तरी निम्मा गोंधळ मिटेल.

सत्तावीस मिनिटे

सरकारकडे बोट दाखवताना आपल्या घरातही पाहिले पाहिजे. रमजानमध्ये आजकाल मुंबईहून निघालेली वेळापत्रके व्हॉट्सअ‍ॅपवर फिरत भंडाऱ्यापर्यंत येतात. मुंबई ७२.८५ अंशांवर, भंडारा ७९.६५ वर. फरक ६.८ अंशांचा, म्हणजे सत्तावीस मिनिटांचा. अक्षांशामुळे ऋतूप्रमाणे त्यात तीन-चार मिनिटे इकडेतिकडे. आपल्याकडे सूर्य आधी उगवतो आणि आधी मावळतो. मुंबईच्या वेळेने इफ्तार केली तर निष्कारण अर्धा तास तहान. मुंबईच्या वेळेने सहरी केली तर मामला गंभीर आहे: इथे फजर लागून गेलेली असते आणि आपण जेवत असतो. अख्खा रोजा धोक्यात. नागपूरच्या वेळापत्रकातही आपला फरक सव्वादोन मिनिटांचा आहे, गोंदियाचा साडेचारच्या जवळ.

शंभर वर्षांपूर्वी मुंबईकर आपल्या ३९ मिनिटांसाठी भांडले. आपण २७ मिनिटे न मोजता सोडून देतो. ज्या उम्मतीने मशिदीत पगारी मुवक्कित नेमले, तिच्या आजच्या तरुणाच्या खिशात इब्न अल-शातिरने कल्पनाही केली नसेल असे यंत्र आहे, आणि तो दुसऱ्या शहराची वेळ पुढे पाठवतो. तुमसर, साकोली, पवनी, लाखांदूर, प्रत्येक गावाच्या मशिदीत त्या गावाच्या रेखांशाचे कोष्टक लागायला हवे. हे काम दहावीचा विद्यार्थी भूगोलाच्या पुस्तकातल्या एका नियमाने तपासू शकतो: एक अंश, चार मिनिटे.

चाँदचेही तसेच. चंद्र कोणत्या क्षणी अमावास्येतून बाहेर पडतो ते गणिताने सेकंदापर्यंत कळते. तो डोळ्यांना दिसेल का, हे हवामानावर, क्षितिजावर आणि त्याच्या वयावर ठरते. उलेमांमध्ये याबद्दल मतभेद आहेत आणि ते त्यांनी सोडवावेत. पण ज्या संध्याकाळी चंद्र दिसणे गणिताने अशक्यच आहे, त्या संध्याकाळी उठलेली अफवा तरी आपण ओळखू शकतो. एकाच गावात दोन ईदी होतात तेव्हा गोंधळ चंद्राचा नसतो, आपल्या आपसातल्या मशवऱ्याचा असतो.

सध्या रमजान फेब्रुवारी-मार्चच्या दिवसांत आला आहे आणि दहावी-बारावीचे पेपरही त्याच दिवसांत असतात. मुले रोजे ठेवून पेपर लिहितात. काही वर्षांत तो आणखी मागे सरकेल आणि हिवाळ्यात जाईल. भाद्रपद आणि मोहरम यांची पुढची गाठ साधारण २०५० च्या सुमारास पडेल, भाद्रपद आणि रबी-उल-अव्वल यांची २०५५ च्या सुमारास. आज दहा वर्षांचे असलेले मूल तेव्हा पस्तीस-चाळिशीचे असेल. त्यांच्यातलाच कुणी ठाणेदार असेल, कुणी गणेश मंडळाचा अध्यक्ष, कुणी मशिदीचा विश्वस्त, कुणी जिल्हाधिकारी कार्यालयात सुट्टीचा आदेश टंकणारा. अधिक मास आणि चंद्रकोर यांचे हे अर्ध्या तासाचे गणित त्यांना आजच एका बाकावर बसवून शिकवले, तर त्या वर्षी त्यांना एकमेकांचा संशय घ्यावा लागणार नाही. बैठक कधी बोलवायची, हे त्यांना वर्षभर आधीच ठाऊक असेल.